लग्नांच्या पैशावर रानातली फिल्म: एकट्यानं निसर्गपट कसे करावेत

मे महिना निम्मा सरला की मला फोन सुरू होतात. कधी इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाचा मुलगा, कधी पुण्यातल्या नोकरीला कंटाळलेली कुणी ताई. प्रश्न ठरलेला. "दादा, वाइल्डलाइफ फिल्म करायचीय, लेन्स कुठली घेऊ?" मी विचारतो, "घरापासून तासाभरात कुठलं रान आहे? माळ, तळं, ओढा, काहीही?" पलीकडं जरा शांतता. मग उत्तर येतं, "ताडोबाला जायचा विचार होता."

या सगळ्यांना तुकड्यातुकड्यानं जे सांगतो ते एकदा सलग लिहून काढतोय. मी साताऱ्याचा. घरचा फोटो स्टुडिओ. लग्नं, साखरपुडे, बारशी, डोहाळजेवणं हा पोटापाण्याचा धंदा, आणि उरलेल्या वेळात सह्याद्रीतल्या प्राण्यांवर छोट्या फिल्म. त्यातल्या काही संस्थांनी पैसे देऊन करून घेतल्या, काही मी माझ्या हौसेनं केल्या.

परदेशी मालिकेच्या शेवटी नावांची जी लांबलचक यादी सरकते ती कधीतरी थांबवून वाचा. संशोधन करणारा वेगळा, परवानग्या काढणारी वेगळी, कॅमेरा चालवणारे चार, आवाजाचा वेगळा, संकलक वेगळा, निवेदन लिहिणारा वेगळा. आपल्याकडं जिल्ह्यातल्या एखाद्या संस्थेची पंधरा मिनिटांची फिल्म निघते तेव्हा एवढ्या सगळ्यांचं मिळून जे मानधन असतं त्यात एकाच माणसाचं भागतं, तेही काटकसरीनं. म्हणून आपल्याकडं टिकतो तो सगळं येणारा: प्राणी ओळखणं, कॅमेरा, आवाज, एडिट, लिखाण आणि परवानगीचा अर्ज. यातलं कॅमेऱ्याचं काम सगळ्यात लवकर हातात बसतं, म्हणून लोक तिथूनच सुरुवात करतात आणि तिथंच थांबतात. माझा सल्ला उलटा आहे. कॅमेरा घरात असेल तो चालेल. पहिलं वर्ष प्राणी, आवाज आणि लिखाण यांत घाला.

आधी पंचांग बघा

नोकरी सोडून यात उडी मारू नका. निदान पहिली काही वर्षं तरी पोटाची सोय दुसरीकडं असू द्या, आणि ती अशी निवडा की तिचा रिकामा काळ रानाच्या भरल्या काळावर येईल.

लग्नवाल्यांचं या बाबतीत नशीब चांगलं. आषाढी एकादशीला चातुर्मास लागतो आणि मुहूर्त संपतात, ते तुळशीच्या लग्नापर्यंत. नेमक्या त्याच काळात सह्याद्रीत काय काय चालू असतं बघा: आंबोलीत बेडकांची फेसाची घरटी, ओढ्यांतून वर चढणारे मासे, खेकडे, कासच्या सड्यावरची फुलं, नागपंचमीच्या सुमाराला रानभर सुरवंट. धंदा बंद आणि कॅमेरा मोकळा. शिक्षक असाल तर मे महिन्याची सुट्टी धरा. त्यात पठारावरचे सरडे बसतात, आणि सुट्टीच्या शेवटी काजवे. बँकेत असाल तर शनिवार-रविवारी जाऊन पाहता येईल असा घराजवळचा प्राणी निवडा, पाणवठ्यावरचा खंड्या किंवा गावातलं वटवाघळांचं झाड.

लग्नाच्या शूटिंगला नाकं मुरडणारे पुष्कळ भेटतात. मला तरी यापेक्षा चांगली शाळा माहीत नाही. अक्षता पडताना रिटेक मिळत नाही. कार्यालयातला उजेड वाईट, नवऱ्याचा मामा नेमका भिंगासमोर उभा, बॅटरी संपत आलेली, आणि अंतरपाट तर खाली येणारच. असल्या गर्दीत जो माणूस डोळा व्ह्यूफाइंडरला लावून दुसऱ्या डोळ्यानं पुढं काय होणार याचा अंदाज घेतो, त्याला सरड्यासमोर बसायला वेगळं शिकवावं लागत नाही.

विषय जवळचा आणि लहान

वाघावर फिल्म करू नका. वाघ ठरावीक वेळेत, ठरावीक रस्त्यावर, जिप्सीत बसून बघावा लागतो, आणि त्याच वाघाकडं शेजारच्या सहा जिप्सींतून तुमच्यापेक्षा महागड्या लेन्स रोखलेल्या असतात. तुमच्याकडं असं काय आहे जे त्यांच्याकडं नाही? घराजवळ राहणं. एकाच जागी मोसमभर जात राहणं. ही ताकद लहान प्राण्यावर लावली की कामाला येते.

माझं उदाहरण चाळकेवाडीचं. साताऱ्याहून सज्जनगड, ठोसेघर करत पुढं गेलं की पवनचक्क्यांचं पठार लागतं. तिथं एक सरडा आहे. नराच्या गळ्याखाली पंख्यासारखी घडी असते, ती उघडली की निळा, काळा आणि नारिंगी रंग एकदम समोर येतो. तिथल्या लोकांना तो पिढ्यान्‌पिढ्या माहीत, पण शास्त्रज्ञांनी वेगळी जात म्हणून त्याची नोंद केली ती २०१६ मध्ये. नाव दिलं सरडा सुपर्बा. एप्रिल-मे हा त्याचा माजाचा काळ.

नुसता रंगीत सरडा म्हणजे फिल्म नव्हे. गोष्ट सापडली ती २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या मारिया ठाकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याच पठारावर, पवनचक्क्या असलेला भाग आणि नसलेला भाग अशी तुलना केली. चक्क्यांच्या भागात तीसा, कापशी असे शिकारी पक्षी खूपच कमी, नसलेल्या भागाच्या जवळजवळ एक चतुर्थांश. वरून झडप घालणारं कुणी नाही म्हटल्यावर सरड्यांची संख्या वाढलेली. संख्या वाढली म्हणून खाण्यासाठी ओढाताण, म्हणून अंगानं बारीक. माणूस जवळ गेला तरी लवकर पळत नाहीत. आणि नरांचे रंगही फिके.

हे वाचल्यावर शूटिंगचा सगळा बेतच बदलतो. चक्कीखालचा सरडा तुम्हाला हाताच्या अंतरावर येऊ देतो, तेव्हा "वा, काय छान पोज देतोय" म्हणून नवखा खूश होतो. पण ते न घाबरणं हीच तर तुमची गोष्ट आहे, त्यामुळं तो शॉट तसाच, तुमचा पाय किंवा सावली फ्रेममध्ये ठेवून घ्यायचा. आणि गळ्याचा पंखा पूर्ण रंगात हवा असेल तर चक्क्या मागं सोडून चालत लांब जायचं, जिथं तो तुम्हाला बघून पळतो आणि तुम्हाला वाट बघावी लागते. एका जागेचे शॉट दुसऱ्या जागेच्या नावावर खपवायचे नाहीत. वाचलं नसतं तर मी सोयीची जागा धरून बसलो असतो आणि फिल्म सुंदर आणि खोटी झाली असती.

म्हणून पहिलं काम: तुमच्या प्राण्यावर झालेलं संशोधन शोधा, वाचा, आणि ते करणाऱ्यांना सरळ ईमेल करा. बहुतेक जण उत्तर देतात. फोटो मागितले तर तेही देतात, फक्त श्रेय द्यायला विसरू नका. प्राणी ओळखायचाच सराव नसेल तर मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे (बीएनएचएस) पक्षी, कीटक यांवरचे प्रमाणपत्र अभ्यासक्रम आहेत, ते करा. संस्था १८८३ पासूनची आहे आणि तिथं भेटणारी माणसं पुढं आयुष्यभर उपयोगी पडतात.

दगडापाशी

पहाटे पाचला साताऱ्यातून निघायचं, ऊन पठारावर पसरायच्या आत जागा धरायची. नर आपला एक उंचवटा ठरवतो. जांभ्याचा एखादा चिरा, कधी कुंपणाचा पडलेला खांब. हुसकावला तरी बहुतेक वेळा तिथंच परत येतो. म्हणून त्याच्या मागं धावू नका. आदल्या दिवशी दुर्बिणीतून दगड बघून ठेवा आणि दुसऱ्या दिवशी तो यायच्या आधी त्या दगडापासून थोड्या अंतरावर पालथे पडा. भिंग त्याच्या डोळ्याच्या उंचीला आलं पाहिजे. वरून घेतलेला सरडा किडा दिसतो, समोरून घेतलेला राजा दिसतो.

ट्रायपॉड वाऱ्यानं थरथरतो, त्यापेक्षा बीनबॅग बरी. शिंप्याकडून जाड कापडाची शिवून घ्यायची, रिकामी न्यायची, गावातल्या दुकानातून दोन-तीन किलो तांदूळ घेऊन भरायची, आणि जाताना तांदूळ तिथंच कुणाच्या तरी घरी द्यायचे. ओळखी अशाच होतात. गुरं राखणारे एक आजोबा माझ्याकडं बराच वेळ बघून म्हणाले होते, "पाव्हणं, पोटात दुखतंय का?" नंतर त्याच आजोबांनी मला सरडी अंडी कुठं पुरते ती जागा दाखवली.

सेटिंग सांगतो, कारण विचारणारे विचारतातच. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणून सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० हा पाया धरा, म्हणजे पुढं घरातला, दिव्याखालचा शॉट जोडायचा झाला तरी लुकलुक येत नाही. उन्हात १/५० ठेवायचं तर भिंगावर एनडी फिल्टर, म्हणजे उजेड कमी करणारी काळसर काच, लागतोच. पंखा उघडण्याची क्रिया झटक्यात होते, ती १०० फ्रेमला घ्या. २५ वर चालवली की चौपट संथ होते आणि घडी कशी सुटते ते दिसतं. साडेनऊ-दहानंतर कातळ तापतो आणि झळा मारायला लागतो. लांब लेन्समधून सगळं पाण्याखाली असल्यासारखं हलतं, मग लेन्स कितीही भारी असो. तेव्हा कॅमेरा गुंडाळा, कारण त्या वेळात घेतलेलं काहीच वापरता येत नाही. मला तर मे महिन्यात हे सोयीचंच पडतं. अकरापर्यंत घरी येऊन संध्याकाळचं गोरज मुहूर्ताचं लग्न गाठता येतं.

आता शॉट. नवा माणूस तासभर गळ्याचाच क्लोजअप घेतो आणि एडिटला बसल्यावर त्याच्या लक्षात येतं की जोडायला काहीच नाही. पंख्याचा एक चांगला शॉट मिळाला की तिथून नजर काढा. मग घ्या: पठार आणि चक्की, त्यात दगडावर ठिपक्याएवढा सरडा. दगडाला धरलेली नखं. डोळा. शेपटीखालून जाणारी मुंगी, कारण मुंग्या त्याचं खाणं आहे. त्याची नजर जिकडं आहे तिकडचं गवत. दगडावरची चक्कीच्या पात्याची फिरती सावली. शेवटी रिकामा दगड. हा रिकामा दगड कुणी घेत नाही, आणि एडिटमध्ये सगळ्यात जास्त उपयोगी तोच पडतो: तो आला, तो गेला, दोन्ही त्यावरच सांगता येतं.

सरडीचा प्रश्न येतो. नर पंखा फुलवतो तेव्हा मादी त्याच फ्रेममध्ये क्वचित मिळते, तिचे शॉट वेगळ्या दिवशीचे असतात. ते जोडावेत का? मी जोडतो, त्याच पठारावरचे आणि त्याच मोसमातले असतील तर. पण "ती त्याच्यावर भाळली" असं निवेदन लिहीत नाही. मी काय बघितलं तेवढंच शब्दांत, बाकी प्रेक्षकाच्या डोक्यात.

आणि हे करायचं नाही: सरडा उचलून चांगल्या दगडावर ठेवणं, ताजा दिसावा म्हणून पाणी मारणं, भांडण लागावं म्हणून दुसरा नर आणून सोडणं, दगड उलटे करत फिरणं. मे महिन्यात पठारावर कॅमेरेवाल्यांची जत्रा असते आणि हे सगळं डोळ्यांदेखत चालतं. अंगावर दोन कॅमेरे अडकवलेले लोक सरड्याला काडीनं ढोसताना बघितले की आपलाच धंदा नको वाटतो. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात शिकारीची व्याख्या उघडून वाचा. त्यात सापळा लावणं, हाकणं, आमिष दाखवणंसुद्धा येतं. घरट्याला किंवा अंड्यांना त्रास देणंही येतं. बंदूकच लागते असं नाही.

मुका नायक आणि आवाज

सरडा ओरडत नाही. मग फिल्मला आवाज काय लावायचा? पठारावर दोनच आवाज भरून राहिलेले असतात, वारा आणि चक्कीचं सूंऽ सूंऽ. कॅमेऱ्यावरचा माइक या दोन्हींचा नुसता खरखराट करून टाकतो. पाव्हण्यांच्या लग्नाच्या व्हिडिओत चालतं, कारण वरून गाणं टाकतात. इथं तो मार्ग नाही. सनई-बासरी टाकून वेळ मारून नेलेल्या निसर्गपटांचा मला वैताग आहे. बासरी काही सह्याद्रीत उगवत नाही.

पहिला मोठा खर्च करायचाच असेल तर तो लेन्सवर न करता एका बऱ्या रेकॉर्डरवर आणि शॉटगन माइकवर, म्हणजे समोरचाच आवाज टिपणाऱ्या लांबट माइकवर, करा. वाऱ्यासाठी माइकला केसाळ टोपी लागते. विकतची महाग पडते, पण खेळण्यांना वापरतात ते लांब केसांचं कापड आणून घरी शिवली तरी काम भागतं. लग्नात नवऱ्याच्या शेरवानीला लावतो तो कॉलर माइक जांभ्याच्या भेगेत, गवताच्या बुंध्याशी लपवून ठेवा आणि लांब जाऊन बसा. वारा जमिनीलगत कमी असतो. मुंग्या, नाकतोडे, वाळक्या पातीवरून सरकणारं सरड्याचं पोट, असं काय काय त्यात येतं. रेकॉर्डर ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर ठेवा. प्रत्येक जागी, काहीही घडत नसताना, सलग काही मिनिटं नुसता तिथला आवाज घ्या. चंडोल गात असेल तर आणखी थांबा. शॉट जोडताना सांधे झाकायला हाच आवाज लागतो.

जे मिळालंच नाही ते घरी तयार करावं लागतं. सरड्याच्या पावलांसाठी मी वाळलेल्या कुसळीच्या गवतावर दोन बोटं चालवतो. मोठ्या मालिकांतही पावलांचे, पंखांचे पुष्कळ आवाज नंतर स्टुडिओत केलेले असतात, त्यात लाजण्यासारखं काही नाही. हद्द एवढीच, की जो प्राणी जो आवाज काढत नाही तो त्याच्या तोंडी घालायचा नाही.

अर्ज

अभयारण्य, राष्ट्रीय उद्यान किंवा व्याघ्र प्रकल्पात फिल्म करायची तर मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते. महाराष्ट्रात हे कार्यालय नागपूरला. कायद्याचं कलम २८. २०२२ च्या दुरुस्तीनंतर त्यात छायाचित्रणाबरोबर चित्रपट-निर्मितीचाही उल्लेख आहे, आणि अधिवासात बदल न करता, प्राण्याला त्रास न देता, ही अट तिथंच लिहिलेली आहे. तुमच्या अर्जात याच अटीला उत्तर द्या: किती माणसं, किती वाहनं, दिवे लावणार का, लपण (लपून बसायचा आडोसा) उभारणार का, ड्रोन आहे का. दोन पानांत सगळं यायला हवं. सोबत विषयाचा गोषवारा, तारखा, फिल्म कुठं दाखवणार ते. मोसमाच्या तोंडावर अर्ज टाकून उपयोग नाही, मोसम संपल्यावर उत्तर येतं. सरडा मेमध्ये हवा तर दिवाळीच्या फराळाबरोबरच अर्ज.

चाळकेवाडीजवळच २०१० मध्ये जाहीर झालेल्या सह्याद्री व्याघ्र प्रकल्पाचं जंगल आहे, कोयना आणि चांदोली मिळून झालेला. पठारावर मनाला येईल तिकडं चालत गेलं की हद्द कधी ओलांडली कळत नाही. आधी वनरक्षकाला भेटा, हद्द दाखवून घ्या. बाहेरच्या भागात जमीनमालकाला आणि चक्कीवाल्या कंपनीच्या रखवालदाराला सांगून ठेवा. "कुठले वो तुम्ही?" या प्रश्नाला उत्तर तयार असलं की दिवस सुखाचा जातो.

ड्रोनचं सरळ सांगतो: अडीचशे ग्रॅमच्या वरचा ड्रोन धंद्यासाठी उडवायचा तर रिमोट पायलटचं प्रमाणपत्र लागतं, आणि संरक्षित जंगलावर वन विभागाच्या परवानगीशिवाय तो काढूच नये. शिवाय ड्रोन बघितला की पक्षी उठतात. मी पठाराचे उंचावरचे शॉट शेजारच्या डोंगरावर चढून घेतो.

पावसाळा

थोडक्यात. एसी गाडीतून कॅमेरा एकदम बाहेर काढला की भिंगावर वाफ धरते, म्हणून घाटाखालीच एसी बंद करा. हवाबंद डब्यात सिलिका जेल आणि छोटा आर्द्रतामापक ठेवा, काटा ४० ते ५० टक्क्यांत राहिला पाहिजे. त्यावर गेला की बुरशी. जळवांना मीठ. छत्री माणसाला नको, कॅमेऱ्याला. आणि रात्री बेडकांवर दिवा टाकताना मिनिटभर टाकून बंद करा, पानावरचं फेसाचं घरटं हाताळू नका.

रात्रीचं काम

दिवसभर पालथं पडून आल्यावर झोप येते, पण कार्ड त्याच रात्री उतरवायचं. ४के फुटेज सेकंदाला १०० मेगाबिटनं घेतलं तर तासाला सुमारे ४५ जीबी होतं. दोन वेगळ्या डिस्कवर उतरवा, आणि महिन्याला तिसरी प्रत दुसऱ्या गावात, माझी कराडला बहिणीकडं असते. कार्ड रिकामं करायच्या आधी दोन्ही प्रती उघडून बघा.

मग नोंदवही. फाइलचा नंबर, जागा, वेळ, काय घडलं, आणि चांगल्या शॉटपुढं चांदणी. "नर, चक्कीजवळ, सात वीस, पंखा तीनदा, मी चार हातांवर तरी पळाला नाही." ही ओळ दोन महिन्यांनी सोन्याच्या मोलाची असते, कारण एडिट खरं तर या वहीतच होतं. मी आधी कागदाच्या चिठ्ठ्यांवर एकेक प्रसंग लिहून जमिनीवर मांडतो आणि बायकोला वाचून दाखवतो. तिला जिथं "मग?" विचारावंसं वाटलं नाही तो प्रसंग काढून टाकतो. संगणकावर बसणं त्यानंतर. सॉफ्टवेअरवर पैसे घालू नका, दा विंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती सुरुवातीला पुरते. संगणक जुना असेल तर फुटेजच्या हलक्या नकला, म्हणजे प्रॉक्सी फाइल, करून काम करा.

निवेदन मराठीत लिहायचं तर इंग्रजीत विचार करून लिहू नका. "हा सरपटणारा प्राणी आपल्या अधिवासाशी अनुकूलन साधतो" असं साताऱ्यात कुणी बोलत नाही. "याला लपायला एवढी भेग पुरते" असं बोलतात. मिनिटाला शंभर-सव्वाशे शब्दांच्या वर जाऊ नका, आणि जे चित्रात दिसतंय ते शब्दांत सांगू नका. पंखा निळा आहे हे दिसतंय. फिका का आहे ते सांगा. लिहिलेलं मोठ्यानं वाचा. श्वास जिथं तुटतो तिथं वाक्य मोडा. आवाज स्वतःचा द्यायला लाजू नका. गाद्या-रजया लावलेल्या कपाटासमोर बसून रेकॉर्ड केलं तरी चांगलं होतं.

पैसा

निव्वळ निसर्गपटांवर घर चालवणारे मराठी लोक हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. बाकीचे चार ठिकाणांहून जमवतात. संस्थांच्या फिल्म, वन विभागाची कामं, कंपन्यांच्या सामाजिक निधीतली कामं, बाहेरून आलेल्या चमूंना स्थानिक मदतनीस म्हणून दिवसाच्या बोलीवर जाणं, फुटेज विकणं. मदतनिसाचं काम कमी लेखू नका. मोठ्या चमूबरोबर एक मोसम सामान उचललं तरी लपण कसं बांधतात, किती वाट बघतात, शॉटची यादी कशी करतात हे जवळून कळतं. त्यांना पठार माहीत नसतं, तुम्हाला असतं.

भाव सांगताना शूटिंगच्या दिवसांवर जाऊ नका. जितके दिवस रानात तितकेच किंवा जास्त एडिटला लागतात, वर वाचन, प्रवास, परवानग्या, निवेदन. हे सगळं वेगवेगळ्या ओळींत लिहून द्या. समोरच्याला आकडा मोठा वाटला तर ओळ कमी करा, दर कमी करू नका. सुरुवातीला चाळीस टक्के, पहिला कट दाखवल्यावर तीस, उरलेले अंतिम प्रत देताना, आणि अंतिम प्रत पैसे आल्यावरच. टीडीएस कापला असेल तर तो तुमच्या पॅनवर दिसतोय का ते वर्षाअखेर तपासा.

करारात एक ओळ कायम शोधा: सर्व हक्क, सर्व माध्यमांत, कायमचे. एका संस्थेनं मला असाच कागद पाठवला होता, त्यात न वापरलेलं कच्चं फुटेजसुद्धा त्यांचं. मी सही केली नाही. तयार फिल्म त्यांची, कच्चं फुटेज माझं, असं लिहून आणल्यावर त्यांनी दोन आठवडे घेतले आणि मान्य केलं. सरड्याचं अंडी पुरण्याचं दृश्य पुन्हा मिळायला कदाचित अनेक मोसम जातील. ते फुकटात देऊन टाकण्याची वस्तू नाही.

शिकायला कुठं जावं

पुण्याची एफटीआयआय, म्हणजे फिल्म इन्स्टिट्यूट, लघु अभ्यासक्रम घेते, त्यात आवाजाचा किंवा संकलनाचा मिळाला तर करा. ब्रिस्टलला, जिथं बीबीसीचा निसर्ग विभाग १९५७ पासून आहे, वेस्ट ऑफ इंग्लंड विद्यापीठात वन्यजीव फिल्मचं एमए आहे. शिष्यवृत्ती मिळाली तर जरूर जा, कर्ज काढून जायचं असेल तर आधी एक फिल्म इथं पूर्ण करा. महोत्सवांत पुण्याचा किरलोस्कर वसुंधरा आणि दिल्लीचा वातावरण यांपासून सुरुवात करावी. ब्रिस्टलचा वाइल्डस्क्रीन १९८२ पासूनचा, स्पर्धा फार मोठी. प्रवेश फी भरण्याआधी नियम वाचा, काहींना आधी यूट्यूबवर टाकलेली फिल्म चालत नाही.

बक्षिसापेक्षा फिल्म कुणाच्या टेबलावर पोचते याकडं लक्ष द्या. माईक पांडे यांनी गुजरातच्या किनाऱ्यावर मारल्या जाणाऱ्या व्हेल शार्कवर फिल्म केली, आणि २००१ मध्ये त्या माशाला वाघाइतकं कायदेशीर संरक्षण मिळालं. चेन्नईचे शेखर दत्तात्री पोरवयात तिथल्या सर्पोद्यानात स्वयंसेवक होते, तिथून फिल्मकडं वळले आणि पुढं कर्नाटकातल्या कुद्रेमुखच्या खाणींवर त्यांनी छोटी फिल्म केली. ती वाहिनीपेक्षा निर्णय घेणाऱ्यांना दाखवण्यासाठी होती. अशा फिल्मला दहा-बारा मिनिटं पुरतात. अधिकारी त्याहून जास्त वेळ बसत नाहीत.

गावात दाखवणं

ज्या गावात फिल्म केली तिथं ती आधी दाखवा, महोत्सवाच्याही आधी. जिल्हा परिषदेच्या शाळेची भिंत किंवा देवळाचा सभामंडप चालतो. प्रोजेक्टर भाड्यानं मिळतो, पडदा म्हणून पांढरी चादर ताणून इस्त्री करून घ्या. स्पीकर मंडपवाल्याचा घ्याल तर त्याला बास कमी करायला सांगा, नाहीतर चक्कीचा आवाज भूकंपासारखा येतो. कार्यक्रम सातनंतर, दुधाच्या धारा काढून झाल्यावर. सरपंचांचं भाषण फिल्मच्या आधी उरकून घ्या. फिल्मनंतर लोक चुका काढतील, त्या लिहून घ्या: ओढ्याचं नाव, एखाद्या गवताचं नाव, "ती शेळी आमची न्हवं" वगैरे. अंतिम प्रत त्यानंतरच काढायची. आणि हे सगळं मृगाचा पाऊस धरायच्या आत, कारण नंतर वर ठोसेघरच्या बाजूला वीज कधी जाईल आणि कधी येईल ते कुणी सांगू शकत नाही.